दुमडणाऱ्या चावीचा सेल आणि कव्हर घरी बदलताना: जुनं कव्हर लगेच टाकू नका

ताई, तुमच्या प्रश्नातून मला समजलं ते असं: गाडी नऊ वर्षांची, चावी दुमडणारी, सांध्याजवळ प्लास्टिक तुटल्यामुळे पातं लोंबकळतंय, आणि दोन महिन्यांपासून रिमोट अगदी दाराशी नेल्याशिवाय चालत नाही. फोंड्यातल्या एका चावीवाल्याने "चावीच नवी करावी लागेल, प्रोग्रामिंग आलं" म्हणत मोठा आकडा सांगितला, आणि सेल नि कव्हर घरच्या घरी बदलता येईल का, असं तुम्ही विचारताय.

येईल. तुमच्या चावीला दोन वेगळी दुखणी आहेत. सेल उतरलाय आणि कव्हर मोडलंय. यातल्या एकाचाही प्रोग्रामिंगशी संबंध नाही. आतली इलेक्ट्रॉनिक पट्टी (सर्किट बोर्ड) किंवा चिप बदलली तर प्रोग्रामिंग लागतं. तुमची पट्टी जवळून का होईना, दार उघडतेय, म्हणजे ती जिवंत आहे. खात्री हवी असेल तर घरातली दुसरी चावी घेऊन त्याच अंतरावरून दाबून बघा. ती नीट चालली तर गाडीत दोष नाही, याच चावीत आहे.

पण चावीला हात लावण्याआधी एक गोष्ट नीट समजून घ्या, कारण सगळा घोटाळा इथेच होतो. त्या एका डबीत दोन वेगळी यंत्रं असतात. एक रिमोट. तो सेलवर चालतो, आपल्याकडे साधारण ४३३ मेगाहर्ट्झवर संदेश पाठवतो, आणि त्याचं काम दारांपुरतं. दुसरी इमोबिलायझरची, म्हणजे चोरी टाळायला इंजिन अडवून धरणाऱ्या यंत्रणेची, चिप. तिला सेल लागतच नाही. किल्ली फिरवतो त्या जागेभोवती गाडीत तारेचं एक कडं असतं. किल्ली फिरवली की ते कडं साधारण १२५ किलोहर्ट्झचं क्षेत्र तयार करतं, चिप त्यातूनच वीज उचलते आणि आपला क्रमांक सांगते. तो गाडीला पटला तरच इंजिन चालू राहतं. म्हणून सेल पूर्ण मेला तरी किल्लीने दार उघडून गाडी चालू होते. आणि म्हणूनच रिमोट झकास चालत असताना चिप नसेल तर गाडी जागची हलत नाही.

काही चाव्यांत ही चिप पट्टीवरच डाख देऊन बसवलेली असते. तिथे चिंता नाही, पट्टीबरोबर ती आपोआप नव्या कव्हरात जाते. पण बऱ्याच चाव्यांत ती सुटी असते आणि जुन्या कव्हराच्या प्लास्टिकमध्येच एका खोबणीत दडवलेली असते. दिसायला काळा, गुळगुळीत, चपटा तुकडा. साधारण १२ मिलिमीटर लांब, ६ रुंद, ३ जाड. तिच्यावर तार नाही, पाय नाहीत, छापील अक्षरंही बहुधा नसतात. प्लास्टिकचाच भाग वाटावा अशी ती दिसते. काही चाव्यांत याऐवजी काचेची बारीक नळी असते, तांदळाच्या मोठ्या दाण्यासारखी, आणि ती दाबाने फुटते.

माझ्या घरी हे घडलंय. चवथीच्या (गणेश चतुर्थीच्या) आदल्या दिवशी सकाळी डिचोलीहून म्हापशाला निघालो होतो, गणपतीवर फळं-पानं टांगायच्या माटोळीचं सामान आणायला. आदल्या रात्री मी चावीचं कव्हर बदललं होतं. रिमोट दाबला, दारं उघडली, दिवे लुकलुकले. मी निश्चिंत. किल्ली फिरवली, इंजिन क्षणभर चालू झालं आणि बंद. परत फिरवली, परत तेच. डॅशबोर्डवर किल्लीच्या चित्राचा लाल दिवा उघडझाप करत होता. तेव्हा कुठे उजेड पडला की चिप जुन्या कव्हरातच राहिलीय, आणि जुनं कव्हर सुक्या कचऱ्याच्या पोत्यात गेलंय. पंचायतीची कचऱ्याची गाडी त्याच दिवशी यायची होती. बायकोने ते पोतं अंगणात ओतलं आणि आम्ही चौघांनी दुधाच्या पिशव्या, बिस्किटांचे कागद बाजूला सारत ते शोधलं. सापडलं. खोबणीत काळ्या गोंदाखाली चिप जशीच्या तशी होती. कचऱ्याची गाडी आधी येऊन गेली असती तर मला त्या सणासुदीत नव्या चिपेचा खर्च आणि हेलपाटे दोन्ही पडले असते. म्हणून सांगतो: नवं कव्हर बसवून, इंजिन चालू करून, ते पाच मिनिटं चालू राहिलेलं बघितल्याशिवाय जुन्या कव्हराचा एक कपचाही टाकायचा नाही.

आता सेल. जुना काढा आणि त्यावरचा आकडा वाचा. गाडीचं नाव सांगून सेल घेऊ नका. सीआर २०३२ असेल तर २० म्हणजे व्यास २० मिलिमीटर आणि ३२ म्हणजे जाडी ३.२ मिलिमीटर. २०२५ ची जाडी २.५, २०१६ ची १.६. व्यास तिन्हींचा एकच, व्होल्ट तिन्हींचे ३, म्हणून दुकानात "सगळे सारखेच हो" म्हणून जो असेल तो हातात ठेवतात. सारखे नाहीत. २०३२ च्या जागी २०२५ घातला तर ०.७ मिलिमीटरची फट राहते. घरी चालतो, आणि खड्ड्यातून गाडी दोनदा आदळली की रिमोट मुका. उलट पातळ सेलच्या जागी जाड कोंबला तर सेलला टेकणाऱ्या पितळी पट्ट्या वाकतात आणि त्या परत पहिल्यासारख्या बसत नाहीत. दोन २०१६ एकावर एक ठेवले की जाडी बरोबर ३.२ होते, आणि ही युक्ती सुचवणारेही भेटतात. ती करू नका, कारण तेव्हा ३ ऐवजी ६ व्होल्ट पट्टीत जातात.

सेल बंद पाकिटातला, मागची तारीख बघून घ्या. म्हापशाच्या शुक्रवारच्या बाजारात सुटे मिळतात ते मी घेत नाही. ते एकमेकांना चिकटून एका डब्यात पडलेले असतात आणि तिथल्या तिथेच थोडे उतरतात. घरी मीटर असेल तर ताजा सेल ३.२ व्होल्टच्या आसपास दाखवतो. पण नुसता मोजून फसू नका. उतरलेला सेलही बटण न दाबता मोजला तर २.९ दाखवतो आणि बटण दाबलं की कोसळतो. जमेल तर बटण दाबून धरून मोजा. काही कंपन्यांच्या सेलवर मुलांनी तोंडात घालू नये म्हणून कडू लेप असतो. नवा सेल घालूनही चावी ढिम्म राहिली तर त्याची कड आणि पाठ स्पिरिटच्या बोळ्याने पुसून बघा.

एक गैरसमज इथेच दूर करतो. टीव्हीचा रिमोट मोबाइलच्या कॅमेऱ्यासमोर धरला की प्रकाश दिसतो, तसा तुमच्या चावीत दिसणार नाही. ही रेडिओ लहर आहे. कॅमेऱ्यात काही दिसलं नाही म्हणून चावी मेली असं समजू नका.

उघडायची कशी? टेबलावर पांढरा कपडा अंथरा, म्हणजे स्प्रिंग उडाली तरी सापडते. आधी पातं पूर्ण बाहेर काढा, कारण कित्येक चाव्यांत उघडायची खाच पात्याच्या खालीच असते. नाहीतर कडेने नख फिरवा, एका ठिकाणी नख किंचित अडकेल, ती खाच. तिच्यात चपटा पेचकस घाला, पण त्याच्या टोकाला कापडी चिकटपट्टीचा एक वेढा द्या. सुरी नको. सुरी प्लास्टिकमधून अचानक आत जाते आणि पट्टीवरचा बारीक भाग उडवते, अशी एक चावी माझ्याकडे दुरुस्तीला आली होती आणि ती मला वाचवता आली नाही. सरळ खुपसू नका. खाचेत टेकवून, हळूच पिळा, "टक" आवाज आला की थोडं पुढे सरका. काही ठिकाणी कंपनीच्या बोधचिन्हाखाली बारीक स्क्रू असतो, तो न काढता जोर लावला तर कव्हर तिथेच फाटतं. जोडावर गोंद असेल तर केस वाळवायच्या यंत्राची गरम हवा मिनिटभर मारा, मऊ पडतो.

उघडल्याबरोबर, काहीही हलवण्याआधी, मोबाइलने फोटो काढा. सेलची अधिक खूण वर होती की खाली, हे नंतर आठवत नाही. सेल धातूच्या चिमट्याने दोन्ही बाजूंनी धरू नका, शॉर्ट होतो. लाकडी टूथपिकने उचकटा.

तुमच्या कामात सगळ्यात किचकट भाग पात्याचा आहे, म्हणून इथे जरा थांबतो. बाजारातल्या नव्या कव्हराबरोबर कोरं पातं येतं. ते कापून घ्यायची गरज नाही, तुमचंच पातं त्यात बसवायचं. फक्त कव्हर घेताना जुनी चावी बरोबर न्या आणि तीन गोष्टी जुळवा: बटणांची संख्या आणि जागा, पात्याच्या बुडाचा आकार, आणि आतली पट्टी जिथे बसते त्या खुंट्या. पातं एका बारीक पिनेने अडकवलेलं असतं, दीड मिलिमीटरच्या आसपास जाडीची. ती हातोडीने थेट ठोकू नका. पातं लाकडाच्या तुकड्यावर टेकवून, पिनेपेक्षा किंचित बारीक पंच लावून, हलके टोले द्या. पंच नसेल तर हे एवढंच काम घड्याळजीकडून करून घ्या, त्यांच्याकडे ती हत्यारं असतात आणि हातही हलका असतो.

मग स्प्रिंग. नुसती बसवून कव्हर मिटलं तर बटण दाबूनही पातं उडत नाही. स्प्रिंगची दोन्ही टोकं आपापल्या खाचेत घालून, पातं धरून तिला आधी साधारण दीड ते दोन वेढे पीळ द्यावा लागतो, आणि तो पीळ न सोडता वरचा भाग दाबून बसवायचा. पहिल्या दोन-तीन वेळा सुटेल. जुनी काढताना ती किती फिरून मोकळी झाली ते मोजून ठेवलंत तर अंदाज लागतो. पातं मधे उडतं, म्हणून ते डोळ्यांपासून लांब, खाली टेबलाकडे ठेवा.

आता पट्टी आणि चिप नव्या कव्हरात. गोंदात बसलेली चिप उपसून काढायचा प्रयत्न करू नका. तिच्याभोवतीचं प्लास्टिक कापा, तिला नको. जुनं कव्हर तसंही जाणार आहे. नव्या कव्हरात ती जुन्यासारखीच, शक्यतो पात्याच्या जवळच्या खोबणीत आणि त्याच दिशेने ठेवा, म्हणजे त्या कड्याला ती नीट ऐकू येते. गोंदाचा एक थेंब पुरे, नाहीतर ती आत खुळखुळते.

पट्टी हातात आहे तेव्हा उजेडात धरून बघा. आपल्याकडे जूनपासून सप्टेंबरपर्यंत हवाच ओली, त्यात किनाऱ्याकडचा खारा वारा, आणि चावी रेनकोटच्या खिशात. सेलच्या पितळी पट्ट्यांवर आणि बटणांखाली हिरवट पूड दिसली तर रिमोटचं अंतर कमी व्हायचं तेही एक कारण. जुना दाढीचा नव्हे, दात घासायचा मऊ ब्रश आणि आयसोप्रोपिल अल्कोहोल घ्या, हळूहळू घासा, तासभर वाळू द्या. माझ्या भाच्याची चावी मोरजीच्या समुद्रात पडली होती. त्याने ती दोन दिवस तांदळात ठेवली, आणि मिठाने तेवढ्यात तांब्याच्या रेषा खाल्ल्या. समुद्राचं पाणी गेलं तर सगळ्यात आधी सेल काढायचा, मग गोड्या पाण्याने पट्टी धुवायची, मग अल्कोहोल. मीठ आत ठेवून नुसतं वाळवण्यात अर्थ नाही.

सेल बदलल्याने गाडीशी असलेली जोडणी बहुतेक चाव्यांत जात नाही. नवा सेल घालूनही पहिल्यांदा दार ऐकत नसेल तर गाडीशेजारी उभं राहून लॉकचं बटण दोन-तीनदा सलग दाबा. काही गाड्यांत किल्ली फिरवून दिवे लागल्यावर बटण दाबलं की ताळमेळ पुन्हा बसतो. तुमच्या गाडीच्या पुस्तिकेत ते पान असतं.

ज्यांच्याकडे बटण दाबून चालू होणारी गाडी आहे त्यांच्यासाठी दोन ओळी: सेल मेला तर चावीतली छोटी किल्ली ओढून काढा, तिने दार उघडा, नेहमीप्रमाणे ब्रेक किंवा क्लच दाबा आणि चावीच स्टार्टच्या बटणाला टेकवून गाडी चालू करा. काही गाड्यांत चावी ठेवायची वेगळी खोबण असते.

तुम्ही लिहिलंय की घरात दोन वर्षांचा नातू आहे. ताई, हे काम तो झोपला असताना करा, आणि जुना सेल दोन्ही बाजूंनी चिकटपट्टी लावून उंच ठेवा. २० मिलिमीटरचा सेल लहान मुलाच्या अन्ननलिकेत अडकला तर दोन तासांत आतून भाजतो, उतरलेला सेलसुद्धा. गिळल्याचा नुसता संशय आला तरी उलटी करवू नका, वाट बघू नका, थेट बांबोळीला गोमेकॉत (गोवा मेडिकल कॉलेजच्या इस्पितळात) न्या आणि बरोबर सेलचं रिकामं पाकीट घ्या. नव्या कव्हराच्या झाकणाची पकड सैल वाटली तर ते कव्हर परत करा. खाली पडल्यावर उघडणारी चावी त्या घरात नको.

कव्हर आणायला जाण्याआधी आजच चावी उघडून आतले दोन फोटो टाका, एक पट्टीच्या मागच्या बाजूचा आणि एक रिकाम्या कव्हराच्या आतला, खोबणी दिसतील असा. चिप पट्टीवर आहे की प्लास्टिकमध्ये ते मी फोटोवर खूण करून दाखवतो. रात्री नऊनंतर मी मोकळा असतो.