तीन वेगवेगळ्या क्लबांकडून चॅम्पियन्स लीग जिंकणारा एकमेव फुटबॉलपटू कोण? क्विझमध्ये हा प्रश्न वाद न होता कसा विचारावा?

क्लॅरेन्स सीडॉर्फ. चॅम्पियन्स लीग म्हणजे युरोपातल्या क्लबांची सर्वात मोठी स्पर्धा, आणि ती त्याने जिंकली आयाक्सकडून 1995, रियल माद्रिदकडून 1998 आणि एसी मिलानकडून 2003 व 2007. 2025 च्या फायनलपर्यंत तरी दुसऱ्या कोणाला हे जमलेलं नाही. पण प्रश्न आहे तसाच ठेवलात, तर खोलीत एखादा तरी हात वर करून "सॅम्युएल एटो" म्हणेल, आणि त्याला सरळ चूक ठरवणं अवघड जाईल.

एटोचे बार्सिलोनाबरोबरचे 2006 व 2009 आणि इंटरबरोबरचं 2010 सगळ्यांना माहीत असतात. अडचण 1999-2000 च्या मोसमाची आहे. तेव्हा तो रियलचा खेळाडू होता, मोसमाच्या सुरुवातीला चॅम्पियन्स लीगच्या काही सामन्यांत उतरलाही, आणि मग जानेवारीत लोनवर, म्हणजे तात्पुरता, मायोर्का या क्लबला गेला. मे महिन्यात रियल जिंकलं तेव्हा तो तिथे नव्हता. मग तो विजेता धरायचा की नाही? संघाला पदकं ठरावीक संख्येने मिळतात आणि ती कोणाकोणाला द्यायची हे क्लब ठरवतो, त्यामुळे 'पदक मिळालं' या निकषाने वाद मिटत नाही. प्रश्नात दोन शब्द वाढवा: 'फायनलमध्ये खेळून'. सीडॉर्फ जिंकलेल्या चारही फायनलमध्ये सुरुवातीच्या अकरात होता, त्यामुळे उत्तर एकच उरतं.

सीडॉर्फवरच उपप्रश्न काढायचे असतील तर माल भरपूर आहे. 1995 ला व्हिएन्नात आयाक्सने हरवलं ते मिलानलाच, म्हणजे पुढे ज्यांच्याकडून तो दोनदा जिंकला त्यांनाच. 53 व्या मिनिटाला त्याला काढून कानूला उतरवलं. गोल केला तो दुसरा बदली खेळाडू पॅट्रिक क्लायव्हर्टने, 85 व्या मिनिटाला. 2003 ला मँचेस्टरमध्ये युव्हेंटसविरुद्ध 0-0 नंतर शूटआउट झालं, त्यात सीडॉर्फची पेनल्टी युव्हेंटसचा गोलकीपर बुफॉनने अडवली, तरी मिलान 3-2 ने जिंकलं. त्याच मोसमातली सेमीफायनल माझ्या मते याहून भारी प्रश्न आहे. समोर इंटर, म्हणजे सीडॉर्फने 2002 मध्ये सोडलेला क्लब. दोन्ही सामने सान सिरोतच, कारण ते दोघांचंही घरचं मैदान. निकाल 0-0 आणि 1-1, आणि मिलान पुढे गेलं 'परक्या मैदानावरच्या' गोलवर (एकूण बरोबरी झाली तर तेव्हा असा गोल वरचढ धरत), कारण दुसऱ्या सामन्याचं यजमानपद कागदोपत्री इंटरकडे होतं. तो गोल मिलानच्या शेवचेन्कोचा.

दुसरा खड्डा स्पर्धेच्या नावाचा. 1992-93 पासून ती चॅम्पियन्स लीग झाली, त्याआधी युरोपियन कप. फ्रँक रायकार्ड मिलानकडून 1989 व 1990 जिंकला आणि आयाक्सकडून 1995. 'दोन क्लबांकडून चॅम्पियन्स लीग' विचारलंत तर तो बाद, 'युरोपियन कप किंवा चॅम्पियन्स लीग' म्हटलंत तर आत. रोनाल्ड कूमनचे पीएसव्ही (1988) आणि बार्सिलोना (1992) हे दोन्ही जुन्या नावाखालचे. दोन क्लबांकडून दोन्ही फायनल खेळून जिंकणारा पहिला कोण, असं विचारायचं असेल तर उत्तर मिओद्राग बेलोदेदिची: स्टेआवा बुकुरेश्ट 1986, रेड स्टार बेलग्रेड 1991. दोन्ही फायनल 0-0 सुटून पेनल्टीवर गेल्या होत्या.

'लागोपाठ दोन वर्षं, दोन वेगळे क्लब' ही यादीही लोकप्रिय आहे. तिच्यात चार नावं सांगतात: मार्सेल डेसाई (मार्सेय 1993, मिलान 1994), पाउलो सोझा (युव्हेंटस 1996, डॉर्टमुंड 1997), पिके (मँचेस्टर युनायटेड 2008, बार्सिलोना 2009) आणि एटो (2009, 2010). यातला पिके जपून वापरा. 2008 च्या मोसमात तो युनायटेडकडून युरोपात खेळला, गोलही केला, पण मॉस्कोच्या फायनलमध्ये तो बाकावरसुद्धा नव्हता. 'फायनल खेळून' अशी अट घातलीत की चाराचे तीन होतात.

थोडक्यात हुकलेले खेळाडू प्रेक्षकांना जास्त आवडतात. कोवाचिच रियल आणि चेल्सीबरोबर विजेता होऊन मँचेस्टर सिटीत आला जून 2023 च्या अखेरीस, आणि सिटी जिंकलं होतं त्याच महिन्याच्या 10 तारखेला. थियागोकडे बार्सिलोना (2011) आणि बायर्न (2020) होते. 2022 ला पॅरिसमध्ये लिव्हरपूलकडून तो फायनल खेळला आणि रियलकडून 0-1 हरला.

झ्लाटान इब्राहिमोविचची गोष्ट तर बहुतेकांना माहीत असते, तरी चालते. नेदरलँड्स, इटली, स्पेन, फ्रान्स अशा चार देशांतली लीग जिंकूनही हा करंडक त्याला मिळाला नाही. 2009 च्या उन्हाळ्यात तो इंटरमधून बार्सिलोनात गेला, बदल्यात इंटरला एटो आणि वर रोख रक्कम मिळाली. पुढच्याच मोसमात इंटरने सेमीफायनलमध्ये बार्सिलोनालाच 3-2 अशा एकूण फरकाने बाहेर काढलं आणि करंडक नेला. मग इब्राहिमोविच लोनवर मिलानला गेला, तर 2011 ला बार्सिलोना जिंकलं. प्रश्नात वर्ष लिहिताना फायनलचं वर्ष लिहा. नुसतं '2009 चा विजेता' म्हटलं तर कोणी 2009-10 चा मोसम धरतो आणि इथे तर उत्तरच उलटतं.

पडताळणीसाठी खेळाडूच्या नावाखालची करंडकांची यादी पुरेशी नाही, ती बहुधा अख्ख्या संघाची कामगिरी त्याच्या खात्यावर टाकते. त्या फायनलचा युएफाचा (युरोपच्या फुटबॉल महासंघाचा) सामना-अहवाल उघडा आणि सुरुवातीचे अकरा, उतरलेले बदली खेळाडू आणि नुसते बाकावर बसलेले, असे तीन गट वेगळे पाहा. क्लब बदलल्याची तारीखही फायनलच्या तारखेशी ताडून घ्या.

टायब्रेकरला जिमी रिमर ठेवा. युनायटेड (1968) आणि ॲस्टन व्हिला (1982) अशा दोन क्लबांबरोबर हा गोलकीपर युरोपियन कप विजेता आहे. दोन्ही फायनल मिळून तो किती मिनिटं खेळला? उत्तर 9. 1968 ला वेम्बलीत तो बाकावरून उतरलाच नाही, आणि 1982 ला रॉटरडॅममध्ये बायर्नविरुद्ध दुखापतीमुळे नवव्या मिनिटाला बाहेर गेला. त्याच्या जागी आलेल्या नायजेल स्पिंकचा व्हिलाच्या मुख्य संघाकडून तो फक्त दुसरा सामना होता, आणि त्याने एकही गोल खाल्ला नाही.