पुस्तकाची शेवटची पानं आधी

प्रश्न : माझं कृषी सेवा केंद्र आहे. गाव मराठवाड्यातलं, तालुक्याचं. मुलगी बी.ए.च्या दुसऱ्या वर्षाला आहे, राज्यशास्त्र मुख्य विषय. तिचे न्यू जर्सीचे मामा उन्हाळ्यात आले होते, ते जाताना तीन इंग्रजी पुस्तकं ठेवून गेले. अमेरिकेत दोन पक्षांची माणसं एकमेकांचं तोंड बघेनाशी का झाली, या विषयावरची. मामांच्या घरीही तेच आहे म्हणे. ते एका पक्षाला मत देतात, मुलगा दुसऱ्या, आणि जेवताना तो विषय काढायचा नाही असं ठरलंय. पुस्तकं वाचल्यापासून मुलगी म्हणते, मला हेच शिकायचंय, हेच काम करायचंय. काकांशी वाद घालून घरच्या व्हॉट्सअ‍ॅप ग्रुपमधून बाहेर पडली. आम्हाला वाटतं तिनं एमपीएससी करावी. अमेरिकेची भांडणं शिकून आमच्या मुलीच्या हाती काय लागणार? पण परवा ती म्हणाली, "बाबा, आपल्या दुकानातही गिऱ्हाईक आता पाटीवरचं आडनाव वाचून आत येतं." ते मला लागलं. तिला काय सांगू?

उत्तर :

नमस्कार,

दुकानाच्या पाटीपासूनच सुरुवात करते. पुस्तक वाचलं अमेरिकेचं आणि मुलीची नजर गेली बाबांच्या गिऱ्हाइकांकडे, ही मोलाची गोष्ट आहे. पुष्कळ वाचूनही ज्यांची नजर स्वतःच्या गल्लीकडे वळत नाही असे एम.ए.चे विद्यार्थी माझ्याकडे येतात. त्यामुळे "खूळ आहे, उतरेल" असं तिला म्हणू नका. लगेच "जा अमेरिकेला" असंही म्हणू नका. त्याआधी एक काम आहे, ते तिच्याकडून करून घेऊ.

तुम्ही पुस्तकांची नावं कळवलीत : आर्ली होकशिल्ड यांचं 'स्ट्रेंजर्स इन देअर ओन लँड', स्टीव्हन लेव्हिट्स्की आणि डॅनियल झिब्लाट यांचं 'हाऊ डेमोक्रसीज डाय' आणि एझ्रा क्लाइन यांचं 'व्हाय वी आर पोलराइज्ड'. वाचणाऱ्याला तिन्हींचा विषय एकच वाटतो. मला त्यात तीन वेगळी कामं दिसतात, आणि मुलगी "हेच काम" म्हणते तेव्हा यातलं कोणतं, हे तिला अजून ठरवायचं आहे.

होकशिल्ड बर्कलीच्या समाजशास्त्रज्ञ. डाव्या विचारांच्या, डाव्या विचारांच्याच शहरात राहणाऱ्या. त्या लुइझियानात लेक चार्ल्सच्या आसपास पाच वर्षं जात-येत राहिल्या. तिथे रासायनिक कारखान्यांनी पाणी नासवलं होतं, घराघरांत आजारपणं होती. तरीही तिथली बरीच माणसं प्रदूषणावर सरकारचं नियंत्रण नको म्हणणाऱ्यांनाच मत देत होती. का, हे त्यांना समजून घ्यायचं होतं. त्या चर्चमध्ये गेल्या, लोकांच्या स्वयंपाकघरात बसल्या, प्रचारसभांना गेल्या. शेवटी त्यांनी लोकांच्या मनातली गोष्ट एका चित्रात मांडली : टेकडीपलीकडच्या सुखाकडे जाणारी लांब रांग, वर्षानुवर्षं उभे असलेले आपण, रांग जागची हलत नाही, आणि मधेच कुणाला तरी पुढे सोडलं जातंय. मग हे चित्र घेऊन त्या त्याच माणसांकडे परत गेल्या आणि विचारलं, तुम्हाला असंच वाटतं का? ते परत जाऊन विचारणं मला फार महत्त्वाचं वाटतं. पुस्तक २०१६ साली आलं आणि त्याच वर्षी ट्रम्प निवडून आले, म्हणून ते गाजलं. पण मुलीला त्याची शेवटची पानं उघडायला सांगा. परिशिष्टात बाईंनी संशोधन कसं केलं ते दिलं आहे. मुलाखतींचा मजकूर साडेचार हजार पानांच्या वर गेला होता. एवढं बोलणं ऐकायचं, शब्द न् शब्द उतरवायचा, पुन्हा वाचायचा, आणि त्यातल्या कुणाचंही मत आपल्याला पटत नसताना. समाजशास्त्रज्ञाचा दिवस असा जातो.

याच वाटेवरचं एक पुस्तक मामांच्या बॅगेत नव्हतं, तेही तिनं मिळवावं. कॅथरिन क्रेमर विस्कॉन्सिनच्या प्राध्यापिका. २००७ पासून काही वर्षं त्या आपल्याच राज्यातल्या पंचवीसहून जास्त ठिकाणी गेल्या. सकाळी पेट्रोलपंपावर, हॉटेलात कॉफीला रोज जमणाऱ्या माणसांच्या घोळक्यात जाऊन बसायच्या. आपल्याकडे पारावर किंवा चहाच्या टपरीवर बसावं तसं. गावाकडच्या माणसांचं म्हणणं होतं की सत्ता, पैसा आणि मान तिन्ही गोष्टी मॅडिसन आणि मिलवॉकी ही शहरं खाऊन टाकतात, आणि आपल्या कष्टांना तिथे कुणी विचारत नाही. 'द पॉलिटिक्स ऑफ रिझेंटमेंट' हे त्यांचं पुस्तक. मराठवाड्यात 'अनुशेष' हा शब्द ऐकत मोठ्या झालेल्या मुलीला ते वेगळं समजावून द्यावं लागणार नाही.

लेव्हिट्स्की-झिब्लाट यांचं काम निराळं. हार्वर्डच्या या दोघांनी २०१८ मध्ये अमेरिकेच्या लोकशाहीवर लिहिलं खरं, पण त्यांचं आयुष्यभराचं काम दुसऱ्याच देशांवर आहे. लेव्हिट्स्की लॅटिन अमेरिकेचे, अर्जेंटिना-पेरूचे अभ्यासक. झिब्लाट युरोपचे, विशेषतः जर्मनीच्या इतिहासाचे. राज्यघटना कागदावर शाबूत असते, पण प्रतिस्पर्ध्याला शत्रू मानायचं नाही आणि हाती आलेला अधिकार शेवटच्या टोकापर्यंत ताणायचा नाही, हे दोन अलिखित नियम मोडले की आतून पडझड सुरू होते, हे त्यांना दिसलं ते इतर देशांत तसं घडताना अभ्यासलं होतं म्हणून. अमेरिका समजायला अमेरिकेतच जन्मायला हवं असं काही नाही, हे यातून मुलीनं घ्यावं. आपल्याला नीट माहीत असलेली एक जागा मात्र हाताशी हवी. तुमच्या मुलीकडे ती आहे.

क्लाइन पत्रकार. इतरांचं संशोधन वाचायचं, संशोधकांशी बोलायचं आणि सामान्य वाचकाला कळेल असं मांडायचं, हे त्यांचं काम. १९५० साली अमेरिकेतल्या राज्यशास्त्रज्ञांच्या संघटनेनं तक्रार केली होती की आपले दोन पक्ष फारच सारखे आहेत, मतदाराला निवड करायला नीट फरकच दिसत नाही. ही गोष्ट क्लाइन सांगतात आणि तिथून सत्तर वर्षांचा उलटा प्रवास उलगडतात. लिहिण्याची गोडी असेल तर ही वाट आहे, पण तीही वाचनाच्या ढिगाऱ्यातूनच जाते.

आता आकड्यांबद्दल, कारण इथेच पुष्कळ मुलं अडतात. राज्यशास्त्रज्ञ शांतो अय्यंगार आणि त्यांच्या सहकाऱ्यांनी २०१२ मध्ये एक लेख लिहिला. त्यांनी जुनी-नवी सर्वेक्षणं शेजारी ठेवली. प्रश्न असा : तुमच्या मुलानं किंवा मुलीनं दुसऱ्या पक्षाच्या घरात लग्न केलं तर? १९६० साली वाईट वाटेल म्हणणारे दोन्हीकडे ५ टक्क्यांच्या आसपास होते. २०१० मध्ये रिपब्लिकनांत जवळपास निम्मे आणि डेमोक्रॅटांत सुमारे एक तृतीयांश. पक्ष बदलला तर सोयरीक नको! धोरणांवरून मतभेद ही एक गोष्ट, आणि समोरच्या माणसाविषयीच मनात अढी बसणं ही दुसरी. हा फरक आकड्यांनी दाखवता आला म्हणून या विषयाला नवं वळण लागलं. लिलियाना मेसन यांचं 'अनसिव्हिल अ‍ॅग्रीमेंट' त्याच्या पुढचं सांगतं. धर्म, वंश, राहण्याची जागा आणि पक्ष या सगळ्या ओळखी एकाच बाजूला गोळा होत गेल्या. दुसऱ्या बाजूच्या माणसाशी जोडणारं काहीच उरलं नाही, तर धोरणांवर फारसा मतभेद नसतानाही राग वाढतो. उलट मॉरिस फिओरिना हे राज्यशास्त्रज्ञ २००४ पासून मांडत आले की फाटाफूट नेत्यांत आणि कार्यकर्त्यांत आहे, सामान्य माणूस अजून मधेच आहे. त्यांचेच समव्यवसायी अ‍ॅलन अब्रामोविट्झ यांना ते मान्य नाही. हा वाद मिटलेला नाही, आणि विद्यार्थ्याच्या दृष्टीनं ते चांगलंच आहे.

सोयरिकीच्या या प्रश्नाशी आपलं एक जुनं नातं आहे. मे १९१६ मध्ये न्यूयॉर्कच्या कोलंबिया विद्यापीठात पंचवीस वर्षांच्या भीमराव आंबेडकरांनी एक निबंध वाचला. जातीचं मूळ आपल्याच गटात लग्न करण्याच्या बंधनात आहे, हा त्याचा गाभा. समाज किती तुटला आहे हे बघायचं तर लग्नं कुठे होतात ते बघा, ही नजर त्यांच्याकडे तेव्हाच होती. लोकशाही म्हणजे केवळ सरकार चालवण्याची पद्धत नसून एकत्र जगण्याची रीत आहे, हा विचार त्यांनी कोलंबियातले आपले गुरू जॉन ड्यूई यांच्याकडून घेतला आणि १९३६ साली जातिनिर्मूलनाच्या भाषणात आपल्या समाजावर लावून पाहिला. त्याही आधी, १८७३ मध्ये, जोतीराव फुल्यांनी 'गुलामगिरी' अर्पण केली ती गुलामांच्या मुक्तीसाठी झटलेल्या अमेरिकेतल्या सज्जनांना. तुम्ही विचारता, अमेरिकेची भांडणं शिकून काय मिळणार. आपल्या माणसांनी दीडशे वर्षं तिकडे बघितलं ते इकडचं नीट दिसावं म्हणून. तुमची मुलगी त्याच वाटेवर उभी आहे, तिला ते ठाऊक नसलं तरी.

आता पोटापाण्याचं, स्पष्टच लिहिते. आपल्याकडे 'अमेरिकन ध्रुवीकरण तज्ज्ञ' अशी नोकरी नाही. वाट जाते राज्यशास्त्र किंवा समाजशास्त्राच्या एम.ए.कडून. केंद्रीय विद्यापीठांसाठी सीयूईटी-पीजी ही परीक्षा असते. हैदराबाद, दिल्ली, जेएनयू इथे फी आपल्या आवाक्यातली आहे आणि जेएनयूत अमेरिका अभ्यासाचं केंद्रही आहे. नंतर नेट, म्हणजे प्राध्यापकीसाठीची पात्रता परीक्षा, आणि जेआरएफ, म्हणजे संशोधनासाठीची शिष्यवृत्ती. जेआरएफ मिळाली तर पीएच.डी. करताना सध्या महिन्याला ३७,००० रुपये विद्यावेतन मिळतं, पण ती मोजक्यांनाच मिळते. प्राध्यापकीच्या भरवशावर राहू नका. आपल्या राज्यात तासिका तत्त्वावर वर्षानुवर्षं शिकवणारे नेट-पीएच.डी. झालेले लोक तुमच्याही तालुक्यात असतील, एकदा त्यांच्याशी बोला. त्यामुळे सर्वेक्षणाचं तंत्र हातात असणं फार गरजेचं. पाहणी करणाऱ्या संस्था, धोरण-अभ्यास करणाऱ्या संस्था, वृत्तपत्रांचे आकडेवारीचे विभाग, सामाजिक संस्था यांना प्रश्नावली बनवता येणारी, माहितीचं विश्लेषण करता येणारी आणि खेड्यात जाऊन माणसांशी बोलता येणारी मुलं लागतात. दिल्लीच्या सीएसडीएस या संशोधन संस्थेचा 'लोकनीती' कार्यक्रम लोकसभा निवडणुकीच्या वेळी देशभर पाहणी करतो, त्यात विद्यार्थी काम करतात. पुण्याचे प्रा. सुहास पळशीकर त्या कामात अनेक वर्षं आघाडीवर होते, आणि त्यांचं मराठी लेखनही तिनं वाचावं.

परदेशाचं म्हणाल तर कर्ज काढून अमेरिकेत एम.ए. करणं मला या विषयासाठी पटत नाही. तिथल्या चांगल्या विभागांत पीएच.डी.ला फी माफ असते आणि शिकवण्याच्या बदल्यात निर्वाहापुरते पैसे मिळतात. तिकडे अर्ज करायचा तो इथलं एम.ए. आणि थोडंफार स्वतःचं काम झाल्यावर. त्या पीएच.डी.च्या पहिल्याच वर्षी संख्याशास्त्र येतं आणि ते चुकवता येत नाही. तिचं गणित दहावीला सुटलं असेल, तर आतापासून रोज एक तास संख्याशास्त्राला द्यायला सांगा. 'आर' नावाची संगणकप्रणाली फुकट आहे. अमेरिकेच्या राष्ट्रीय निवडणूक अभ्यासाची १९४८ पासूनची माहितीही फुकट मिळते. कॉलेजच्या संगणकावर बसून तिला हे सगळं करता येईल.

एमपीएससीची तुमची इच्छा चुकीची नाही. फक्त "आधी एमपीएससी, मग बघू" असं करू नका. त्या 'मग'मध्ये पाच-सहा वर्षं कशी जातात ते मी खूप घरांत पाहिलं आहे. पदवीनंतर तिला स्वतःला वाटलं तर किती वर्षं द्यायची ते ठरवून द्यावीत.

आता थोडं तिच्याशी बोलते, हे तिला वाचायला द्या.

बाळ, तू काकांशी भांडून ग्रुप सोडलास. तुझा राग मला कळतो, आणि काका चुकतही असतील. पण होकशिल्डबाईंनी लुइझियानात पहिल्याच दिवशी ग्रुप सोडला असता, तर तुझ्या हातात ते पुस्तक आलं नसतं. हे काम तुला जमेल का, आवडेल का, हे मला सांगता येणार नाही. तुला मात्र दिवाळीच्या सुट्टीत कळू शकतं. मामांना फोन कर, सहा प्रश्न विचार, परवानगी घेऊन त्यांचं बोलणं रेकॉर्ड कर. मग तेच सहा प्रश्न त्यांच्या मुलाला विचार. घरात हा विषय कधीपासून निघेनासा झाला, पहिल्यांदा वाद कशावरून झाला, समोरच्याचं कोणतं म्हणणं तुम्हाला थोडं तरी पटतं, असे. तू मधे बोलायचं नाहीस, वाद घालायचा नाहीस, दुरुस्ती करायची नाहीस. तिसरी मुलाखत गावातल्या अशा माणसाची घे, ज्याचं दुकानाच्या पाटीबद्दलचं मत तुला ऐकवत नाही. काका तयार असतील तर काकांचीच.

मग तिन्ही बोलणी हातानं उतरवून काढ, खोकला आणि मधलं थांबणंसुद्धा. एक तासाचं बोलणं उतरवायला पाच-सहा तास लागतात. तिसऱ्या तासाला कंटाळा आला तरी पुन्हा बसावंसं वाटलं, तर मला लिही, आपण एम.ए.च्या अर्जांचं बोलू. उतरवणं नको झालं पण तिघांच्या उत्तरांचा तक्ता करावासा वाटला, तर आकड्यांची वाट बघू. आणि हे सगळं लोकांना सांगावंसं वाटलं, तर पत्रकारितेची.

मामा विचारतील, पोरगा काय म्हणाला. मामेभाऊही विचारेल. दोघांनाही सांगायचं नाही.