उच्चाराचा रकाना

अमळनेर

चि. भाऊ,
अनेक आशीर्वाद.

तुझी वही वाचली. अनवट इंग्रजी शब्द, समोर मराठी अर्थ, अक्षर सुरेख. पण उच्चाराचा रकानाच नाही, आणि माझ्या मते तोच पहिला हवा. आपण देवनागरीत वाढलो. लिहिलं तसं वाचायची सवय अंगी मुरलेली आहे. इंग्रजीत ती दगा देते. 'कर्नल'च्या स्पेलिंगमध्ये 'आर' औषधालाही नाही. इटालियन 'कोलोनेल्लो'चं फ्रेंचमध्ये 'कोरोनेल' झालं, इंग्रजीत काही काळ दोन्ही रूपं चालली. शेवटी लिहिण्यात 'एल' राहिला आणि बोलण्यात 'आर'.

ग्रीकमधून आलेल्या बऱ्याच शब्दांत शेवटचा 'ई' मुका नसतो. तू 'हायपरबोल' लिहिलंस. तो शब्द 'हायपर्बली', म्हणजे अतिशयोक्ती. तसाच 'इपिटमी', मूर्तिमंत नमुना. आणि 'सिनेक्डकी': भागावरून अख्खी वस्तू सांगणं. 'घरात खाणारी तोंडं पाच' असं आपण म्हणतो ना, तेच.

'पेट्रिकॉर' तू घेतलास, मला फार आनंद झाला. जूनमध्ये तापीकाठच्या तापलेल्या काळ्या रानावर पहिली सर पडते तेव्हा दरवळतो तो गंध. इसाबेल जॉय बेअर आणि रिचर्ड थॉमस या ऑस्ट्रेलियातल्या शास्त्रज्ञांनी 1964 साली 'नेचर'मधल्या लेखात हा शब्द घडवला. ग्रीक 'पेट्रा' म्हणजे दगड, 'आयकॉर' म्हणजे देवांच्या नसांतून वाहणारा द्रव. कोरड्या दिवसांत वनस्पतींची तेलं दगडमातीत मुरतात, पावसाने ती हवेत सुटतात. मातीतल्या जिवाणूंचं जिओस्मिन हे वासाचं द्रव्यही त्यात मिसळतं. उच्चारताना भर 'पे'वर दे.

हा भर फार महत्त्वाचा. 'फोटोग्राफ'मध्ये तो पहिल्या 'फो'वर. 'फटॉग्रफी'त 'टॉ'वर सरकतो आणि बाजूचे स्वर विझतात. शब्दकोशात ज्या तुकड्यावर भर, त्याच्या आधी छोटी उभी रेघ असते. उलटा छापलेला 'ई' दिसला की तो स्वर अगदी ओझरता. देवनागरीत उच्चार लिहिशील तेव्हा भराच्या अक्षराखाली रेघ ओढ. आपल्या 'व'वरही विसंबू नकोस: 'व्ही'ला वरचे दात खालच्या ओठाला टेकतात, 'डब्ल्यू'ला ओठ गोल होतात.

बोलण्यातला आपला अहिराणी हेल मात्र लपवू नकोस. हेल वेगळा, उच्चार वेगळा. भर जागेवर असला तर खानदेशी हेलातलं इंग्रजीही नीट कळतं.

मुलाखतीत हे शब्द पेरत बसू नकोस. सोपा शब्द पुरत असेल तिथे तोच वापर. 'पेट्रिकॉर'सारखा शब्द जिथे दुसरा चालतच नाही तिथे ठेव. आठवड्याला पाचच घे, शब्दकोशातल्या ध्वनिफिती ऐकून मोठ्याने म्हण. दिवाळीत येशील तेव्हा वही आण, तुझ्या तोंडून ऐकायचे आहेत.

तुझे,
सर