कंपन्या संशोधन करतातच, मग सरकारने त्यावर पैसा का घालावा?

तुमचा प्रश्न थोडक्यात असा: औषधं, चिप, गाड्या, सगळीकडे कंपन्या स्वतःच्या खिशातून संशोधन करतात, मग सरकारने करदात्यांचा पैसा त्यात का ओतावा? आणि ओतला तर तो कुठे मुरतो हे कळणार कसं? मी काही वर्षं संशोधनाचे प्रस्ताव लिहिले, नंतर निवड समितीवर बसून दुसऱ्यांचे तपासले. म्हणजे मी तटस्थ नाही, हे आधीच सांगून टाकतो.

पहिल्या भागाला एक जिवाणू पुरे. १९६०च्या दशकात थॉमस ब्रॉक हे सूक्ष्मजीवशास्त्रज्ञ अमेरिकेतल्या यलोस्टोनच्या उष्ण झऱ्यांत काही जगतं का ते बघत होते, सरकारी अनुदानावर. कंपनीच्या संचालकांपुढे हा प्रस्ताव ठेवून बघा, चहा संपायच्या आत बाहेर काढतील. तिथे त्यांना थर्मस अ‍ॅक्वाटिकस सापडला. त्याचं विकर (एन्झाइम) तापवलं तरी टिकतं, म्हणून पुढे डीएनएच्या प्रती काढण्याचं पीसीआर तंत्र, ज्यात नमुना पुन्हा पुन्हा तापवावा लागतो, सहज वापरण्याजोगं झालं. पीसीआर मात्र कॅरी मुलिस यांना १९८३ मध्ये एका खाजगी कंपनीत सुचलं. कंपनीने आपलं काम चोख केलं, फक्त झऱ्यापाशी ती कधी गेली नसती. यामागचं अर्थशास्त्र केनेथ अ‍ॅरो यांनी १९६२ मध्येच मांडलं होतं: ज्ञान गळतं. खर्च एकाचा आणि फायदा दहा जणांचा असेल, तर तो एक जण हात आखडताच घेणार.

पैसा द्यावा की नाही, हा वाद माझ्या मते इथेच मिटतो. खरी गंमत तो कसा द्यावा यात आहे.

अनुदान आणि करसवलत सगळ्यांना ठाऊक असतात. सरकारने पहिलं गिऱ्हाईक व्हावं, हा मार्ग मात्र मागे पडतो. १९६०च्या दशकाच्या सुरुवातीला एकात्मिक मंडलं, म्हणजे आजच्या चिपचे पूर्वज, इतकी महाग होती की बाजारात त्यांना कुणी विचारत नव्हतं. ती घेतली अमेरिकी सरकारने, मिनिटमन क्षेपणास्त्र आणि चंद्रावर जाणाऱ्या अपोलो यानाच्या संगणकासाठी. मागणी वाढली, उत्पादनात हात बसला, किमती कोसळल्या. पण हे जमायला खरेदीचे नियम तसे लागतात. सर्वात कमी दराच्या निविदेत नवी वस्तू बसतच नाही: ती बनवणारा एकटा, आणि तुलनेला हवेत तिघे.

दुसरा मार्ग बक्षिसाचा. ब्रिटिश संसदेने १७१४ मध्ये समुद्रावर रेखांश ओळखण्याच्या पद्धतीसाठी २०,००० पौंड जाहीर केले. जॉन हॅरिसन या सुताराच्या मुलाने समुद्रावर वेळ न चुकवणारं घड्याळ बनवलं; मूळ बंदरातली वेळ नेमकी कळली, की जहाजावरच्या वेळेशी तुलना करून रेखांश काढता येतो. १७६१-६२च्या जमैकाच्या सफरीत ते मोजक्या सेकंदांनी चुकलं. तरी पैसे मिळेनात. आणखी चाचणी द्या, घड्याळ उघडून दाखवा, दुसरं बनवून दाखवा! बक्षीस कुणाला द्यायचं हे ठरवणाऱ्या मंडळावर खगोलशास्त्रज्ञांचं वजन होतं, आणि रेखांशासाठी त्यांचा भरवसा चंद्राच्या निरीक्षणावर. निम्मी रक्कम १७६५ मध्ये मिळाली. उरलेल्यापैकी बरीचशी १७७३ मध्ये थेट संसदेकडून आली, तेव्हा हॅरिसन ऐंशीला टेकले होते.

ही गोष्ट मी समितीवर असताना वाचली आणि जरा चपापलो. आम्हीही तेच करत होतो. ज्या विषयात आपली हयात गेली, त्यातला प्रस्ताव "भक्कम" वाटायचा आणि बाहेरच्याचा "अपरिपक्व". लबाडी नव्हे हो, सवय. शिवाय अर्जात "अपेक्षित निष्कर्ष" असा रकाना होता. निष्कर्ष आधीच माहीत असता तर अर्ज कशाला केला असता? मी स्वतः त्या रकान्यात अर्धंअधिक झालेलंच काम लिहून पैसे मिळवले आहेत. न्यूझीलंडच्या आरोग्य संशोधन परिषदेने यावर धाडसी तोडगा काढला: काही छोट्या अनुदानांसाठी प्रस्ताव किमान पात्रतेवर तपासायचे आणि पुढे चिठ्ठ्या टाकायच्या. ऐकायला पोरखेळ, पण पाच-सहा सारखेच चांगले प्रस्ताव समोर आल्यावर आम्हीही मनातल्या मनात नाणंच उडवत होतो.

आता मुरणाऱ्या पैशाचं. फसलेलं संशोधन म्हणजे उधळपट्टी, असं मी मानत नाही. फसलंय हे दिसत असताना चालू ठेवलेलं, ती उधळपट्टी. आवाजापेक्षा वेगाने उडणाऱ्या काँकॉर्ड विमानासाठी ब्रिटन आणि फ्रान्स यांनी १९६२ मध्ये केलेल्या करारात माघारीची वाटच नव्हती. १९६४ मध्ये नव्या ब्रिटिश सरकारला प्रकल्प गुंडाळायचा होता, पण करार आडवा आला. विमान सुंदर झालं आणि नियमित सेवेत फक्त दोन कंपन्यांकडे राहिलं, त्यांच्याच देशांच्या.

म्हणून एखाद्या सरकारी संशोधन योजनेचा हिशेब बघायचा झाला, तर यशोगाथांची पुस्तिका बाजूला ठेवा आणि मध्येच थांबवलेल्या प्रकल्पांची यादी मागा. माझ्या काळात आमच्या समितीने असे दोन प्रकल्प थांबवले. दोन्ही वेळा बंद करण्याची फाइल मंजुरीच्या फाइलीपेक्षा जाड झाली होती.