टीम लीड झाल्यावर थट्टामस्करी बंद करावी का?

म्हणजे तुमची अडचण अशी: बढती मिळाली, मस्करी पूर्वीसारखीच चालू आहे, सगळे हसतातही, आणि तरी मॅनेजर 'जरा जपून' म्हणाले. आता तोंडाला कुलूप लावायचं का?

अजिबात नको. फक्त 'सगळे हसतात' हा पुरावा आता बाद धरा. रजा आणि अप्रेझल ज्याच्या हातात, त्याच्या विनोदाला लोक हसणारच. रॉबर्ट प्रोव्हाइन या संशोधकाने लोकांच्या रोजच्या गप्पांमधलं हसणं टिपून ठेवलं होतं. त्यातलं बहुतेक हसू विनोदावर नव्हतंच, अगदी साध्यासुध्या वाक्यांवर होतं. माणसं एकमेकांशी जुळवून घ्यायला हसतात. साहेबासमोर तर विचारूच नका.

त्यापेक्षा बघा, तुम्ही ज्याची फिरकी घेता तो चारचौघांत तुमचीही घेतो का? घेत असेल तर खुशाल चालू द्या. नुसतं कसंनुसं हसून पुन्हा स्क्रीनकडे वळत असेल, तर त्याची फिरकी घेणं तिथून पुढे सोडा.

सगळ्यात जास्त नुकसान होतं ते विनोदाच्या आडून तक्रार सांगितल्यामुळे. उशिरा येणाऱ्याला 'या महाराज, झाली का झोप?' म्हटलं की आपल्याला वाटतं, सांगूनही झालं आणि वाईटपणाही आला नाही. त्याला मात्र कळत नाही की हे बोलणं मनावर घ्यायचं की हसून सोडायचं. बाकीचे तेच वाक्य उचलतात आणि महिन्याभरात ते त्याचं टोपणनाव होतं. उद्या तो वेळेवर आला तरी नाव राहतंच. तक्रार असेल तर बाजूला घेऊन दोन सरळ वाक्यांत सांगा. (लीड लोकांचे निम्मे टोमणे हे टाळलेलं बोलणं असतं, असं माझं स्पष्ट मत आहे.)

चॅटवर उपरोध नकोच. १९८२ मध्ये कार्नेगी मेलन विद्यापीठाच्या संगणकीय सूचनाफलकावर कोणीतरी लिफ्टमध्ये पारा सांडल्याचा गमतीचा इशारा टाकला आणि काहींनी तो खरा मानला. त्यानंतरच्या चर्चेत तिथलेच संगणकशास्त्रज्ञ स्कॉट फालमन यांनी विनोदावर खूण म्हणून कोलन, डॅश आणि कंस जोडून हसरा चेहरा सुचवला. एकमेकांना ओळखणाऱ्या हुशार मंडळींची ही गत, तर मग कालच रुजू झालेल्याला तुमचा 'वा, काय वेग आहे!' कसा कळणार?

स्वतःवर हसणं सगळ्यात सुरक्षित, पण आपल्या विसराळूपणावर वगैरे. 'मला कुठे काय येतं' हे लीडने रोज म्हटलं तर लोक खरं मानायला लागतात.

एखादा विनोद फसलाच तर 'चुकलं माझं' म्हणून पुढच्या विषयाकडे वळा. 'अरे, गंमत केली' म्हटलं की चूक समोरच्याची ठरते.

आणि मॅनेजरना विचारा, नेमकं कोणतं वाक्य खटकलं. वाक्य विचारा, नाव विचारू नका. 'माझी तक्रार कोणी केली रे?' हे टीममध्ये गमतीतही नको.