विनाअनुदानित कॉलेजने प्राध्यापकाचा कित्येक महिन्यांचा पगार थकवला, तर तो कायद्याने मिळवता येतो का? की राजीनामा देऊन मोकळं व्हावं?

मिळवता येतो. आणि राजीनाम्याची घाई अजिबात करू नका. राजीनामा दिला की अनुभव प्रमाणपत्राच्या बदल्यात ‘माझे संस्थेकडे काहीही येणे नाही’ असं लिहून मागतात, आणि गरजवंत माणूस लिहून देतोही.

मीही विनाअनुदानित इंजिनिअरिंग कॉलेजात शिकवत होतो. प्रवेश घटले तसा पगार आधी उशिरा, मग अर्धा, मग बंदच. विचारलं की ठरलेलं उत्तर: शिष्यवृत्तीचे पैसे शासनाकडून आले नाहीत. पण मुलांची फी ठरते कशावर? संस्था शुल्क नियामक प्राधिकरणाला खर्च दाखवते, त्यात आमचे पगार असतात. म्हणजे आमच्या नावाने फी घ्यायची आणि आम्हालाच द्यायचं नाही.

विद्यापीठाची समिती तपासणीला येणार होती. आदल्या दिवशी विभागप्रमुखांनी स्टाफरूममध्ये छापील कागद फिरवले: ‘माझे वेतन नियमित मिळते, कोणतीही थकबाकी नाही.’ खाली सहीची जागा. मी सही करणार नाही म्हणालो. ते शांतपणे म्हणाले, “सर, संलग्नता गेली तर कॉलेजच राहणार नाही. मग थकबाकी मागायची कुणाकडे?” बाकीच्यांनी सह्या केल्या. कुणाच्या डोक्यावर घराचं कर्ज, कुणाच्या घरी आजारपण. त्यांना मी नावं ठेवत नाही. विभागप्रमुखांना ठेवतो, कारण त्यांचं म्हणणं तेव्हाही खोटं होतं. कॉलेज बंद पडलं म्हणून देणं बुडत नाही. अहमदाबादच्या एका ट्रस्टने कॉलेज बंद करून प्राध्यापकांची देणी थकवली होती आणि ‘आम्ही खासगी ट्रस्ट, आमच्याविरुद्ध उच्च न्यायालयात रिट याचिका चालत नाही’ असा बचाव घेतला होता. सर्वोच्च न्यायालयाने १९८९ मध्ये रुदानी खटल्यात तो फेटाळला.

मी थकबाकीचा अर्ज दिला. आवकच्या लिपिकाला शिक्का मारू नको म्हणून वरून सांगितलं होतं, तेव्हा तोच अर्ज पोस्टाने पाठवला आणि पोचपावती जपून ठेवली. पुढे उच्च न्यायालयात याचिका केली. संस्थेने प्रतिज्ञापत्राला काय जोडलं असेल? तेच सह्या केलेले कागद, ‘इतर कुणाचीही तक्रार नाही’ हे दाखवायला. माझा कागद त्यात नव्हता. मला हप्त्याहप्त्याने का होईना, पैसे मिळाले. पुढे ज्या सहकाऱ्यांनी पगार मागितला, त्यांच्यापुढे त्यांचीच सही धरली गेली. विभागप्रमुख आजही म्हणतात, माझ्या याचिकेने कॉलेजचं नाव गेलं. पगार बंद झाले तेव्हाच ते गेलं होतं, सर.

तुम्ही नेमणूकपत्र, विद्यापीठाचं मान्यतापत्र, मस्टरच्या प्रती, बँकेचं पासबुक आधी घरी आणून ठेवा. पीएफचं पासबुकही बघा. पगारातून कापून भरला नसेल, तर तो फौजदारी विश्वासघात ठरतो आणि पीएफ कार्यालयाला वसुलीचे अधिकार आहेत. कामगार न्यायालयाच्या वाटेला जाऊ नका. शिक्षक तेव्हाच्या औद्योगिक विवाद कायद्याखाली ‘कामगार’ नाही, हे सर्वोच्च न्यायालयाने १९८८ मध्येच सांगितलंय. २०१६ च्या महाराष्ट्र सार्वजनिक विद्यापीठ अधिनियमाखाली विद्यापीठात तक्रार निवारण समिती असते, तिथे अर्ज कराच. त्याच कायद्याखालचं न्यायाधिकरण मुख्यतः नोकरीवरून काढलं किंवा खालच्या पदावर आणलं तर उपयोगी. आणि कुणी कसलाही कागद पुढे केला, तर ‘वाचून सांगतो’ म्हणून घरी न्या.

हे सगळं पूर्णवेळ, मान्यताप्राप्त नेमणुकीचं सांगतोय. तासिका तत्त्वावर असाल तर हक्क केलेल्या तासांपुरता. अनुदानित कॉलेजचा पगार शासनाकडून येतो, तिथे शासनाच्या शिक्षण सहसंचालकांच्या कार्यालयात जावं लागतं. शिवाय खासगी संस्थांतल्या नोकरीच्या वादांत रिट कधी चालते, यावर सर्वोच्च न्यायालयाने २०२२ मध्ये हात आखडता घेतलाय. तेव्हा सेवाविषयक खटले लढणाऱ्या वकिलाला कागद दाखवूनच पाऊल टाका.

दिवाणी दाव्याची मुदत तीन वर्षं आहे आणि ती प्रत्येक महिन्याच्या पगाराला वेगळी मोजतात, त्यामुळे सर्वात जुना महिना आधी हातचा जातो. मुदत संपण्याआधी संस्थेने सहीनिशी लेखी कबुली दिली, तर ती नव्याने सुरू होते. ‘प्रवेश झाले की देऊ’ या तोंडी आश्वासनाने होत नाही.