गरोदरपणात नैराश्याच्या प्रश्नावलीत १४ गुण आले, तर पुढे काय करावे? गोळ्या घेणे बाळासाठी सुरक्षित असते का?

तुम्ही लिहिले आहे की तुम्हाला पाचवा महिना लागला आहे, गेल्या काही आठवड्यांपासून कशातच मन लागत नाही, नियमित तपासणीच्या वेळी भरून घेतलेल्या दहा प्रश्नांच्या कागदावर १४ गुण आले आणि डॉक्टरांनी मानसोपचारतज्ज्ञांच्या नावे चिठ्ठी दिली. घरच्यांचे म्हणणे असे की या दिवसांत असे होतच असते. आणि तुम्हाला स्वतःला सगळ्यांत जास्त धास्ती आहे ती गोळ्या घ्याव्या लागतील याची. मी मानसोपचारतज्ज्ञ असून माझ्याकडे गरोदर आणि बाळंतीण स्त्रिया नेहमी येतात. प्रत्यक्ष न भेटता तुमचे निदान करणे योग्य होणार नाही, परंतु त्या १४ गुणांना किती वजन द्यायचे आणि गोळ्यांचा निर्णय कशाच्या आधारावर होतो, एवढे नक्की सांगता येईल. चिठ्ठी घेऊन लवकर जावे, बाळंतपणापर्यंत थांबू नये, हे माझे स्पष्ट मत आहे.

तुम्ही वर्णन केलेला कागद बहुधा एडिंबरा प्रश्नावलीचा असावा. जॉन कॉक्स, जेनिफर होल्डन आणि रूथ सागोव्स्की यांनी ती १९८७ साली बाळंतीण स्त्रियांसाठी प्रसिद्ध केली आणि पुढे ती गरोदरपणातही वापरली जाऊ लागली. प्रत्येक प्रश्नाला शून्य ते तीन गुण, एकूण ३०, आणि उत्तरे गेल्या सात दिवसांपुरती द्यायची. तिची खरी खुबी तिने काय विचारलेले नाही यात आहे. नैराश्याच्या इतर प्रश्नावल्यांत थकवा आणि भूक हमखास विचारतात. पण गरोदरपणात थकवा कोणाला नसतो? म्हणून येथे थकव्याचा आणि भुकेचा प्रश्नच नाही, आणि झोपेचा आहे तो अशा बेताने विचारलेला आहे की रात्री लघवीला उठावे लागल्यामुळे मोडलेली झोप त्यात धरली जाऊ नये, मन दुःखी असल्यामुळे न लागणारी झोप तेवढी धरली जावी. बाकीचे प्रश्न हसू येते का, पुढच्या गोष्टींची उत्सुकता वाटते का, काही बिघडले की विनाकारण स्वतःलाच बोल लावता का, उगाच भीती दाटून येते का, अशा स्वरूपाचे आहेत. त्यामुळे तुमचे १४ गुण केवळ गरोदरपणाच्या शारीरिक त्रासामुळे आले असतील, अशी शक्यता कमी आहे.

साधारणपणे १० गुणांपासून पुढे बारकाईने विचारपूस करावी आणि १३ पासून पुढे नैराश्याची शक्यता बरीच आहे असे समजावे, असा प्रघात आहे. भाषेनुसार आणि ठिकाणानुसार ही रेषा थोडी वर-खाली होते. तरीही ही चाळणीच आहे, निदान नव्हे. गरोदरपणातील साखरेच्या पहिल्या तपासणीत आकडा जास्त आला की लगेच मधुमेहाचा शिक्का मारत नाहीत, नेमकी दुसरी तपासणी करतात. येथे ती दुसरी तपासणी म्हणजे तज्ज्ञांशी होणारे सविस्तर बोलणे. त्यात लक्षणे किमान दोन आठवडे जवळजवळ रोज आहेत का, रोजच्या कामांवर परिणाम झाला आहे का, पूर्वी कधी असे झाले होते का, घरात भीती किंवा मारहाण आहे का, हे विचारले जाते. थायरॉइड आणि हिमोग्लोबिनही पाहिले जाते, कारण या दोन्हींच्या बिघाडात माणूस असाच मलूल होतो. आणखी एक प्रश्न नक्की विचारला जाईल आणि त्याचे उत्तर मोकळेपणाने द्यावे: आयुष्यात कधी असे दिवस आले होते का, की झोप अगदी थोडी असूनही अंगात प्रचंड उत्साह होता आणि विचार, बोलणे, खर्च यांचा वेग आवरत नव्हता? तसे असेल तर आजार द्विध्रुवी, म्हणजे उदासी आणि अतिउत्साह यांचे वेगवेगळे काळ येणाऱ्या, स्वरूपाचा असू शकतो, आणि त्यात नुसती नैराश्याची गोळी दिली तर बिघाड होण्याचा धोका असतो.

त्या कागदावरील दहावा प्रश्न स्वतःला इजा करण्याच्या विचाराविषयी आहे आणि मी तो बेरजेच्या आधी पाहते. एकूण गुण सहा असले आणि दहाव्या प्रश्नाला ‘क्वचित’ एवढेच उत्तर असले, तरी त्या स्त्रीशी त्याच दिवशी, तिला एकटीला बसवून, बोलावे लागते. एकटीला म्हणण्याचे कारण असे की कागद भरताना शेजारी नवरा किंवा घरातील कोणी वडीलधारे बसलेले असले, की पेन दहाव्या प्रश्नाशी थांबते, आधीची खूण खोडली जाते आणि मग ‘कधीच नाही’ या उत्तरावर ठळक खूण होते. तुम्ही तो कागद कोणासमोर भरला हे मला ठाऊक नाही. काही लपवून भरला असेल तर ते तज्ज्ञांना आवर्जून सांगा.

घरच्यांच्या म्हणण्यात थोडे तथ्य आहे. डोळ्यांत पटकन पाणी येणे, चिडचीड, काळजी हे गरोदरपणात होतेच. पण ते येते आणि जाते, आवडीच्या माणसाशी बोलल्यावर मन पुन्हा ताळ्यावर येते. आठवडेच्या आठवडे न हटणारी उदासी, कशातच आनंद न वाटणे, ‘मी चांगली आई होऊच शकणार नाही’ असा ठाम समज, हे वेगळे आहे. जागतिक आरोग्य संघटनेच्या अंदाजानुसार जगभरात सुमारे १० टक्के गरोदर स्त्रियांना मानसिक आजार, मुख्यतः नैराश्य, असतो आणि विकसनशील देशांत हे प्रमाण १५.६ टक्के आहे. बाळ झाले की आपोआप बरे वाटेल ही आशा तर बहुधा फसवी ठरते, कारण बाळंतपणानंतरच्या नैराश्याच्या सर्वांत भक्कम इशाऱ्यांपैकी एक म्हणजे गरोदरपणातील नैराश्य. शिवाय हा आजार अंगावर काढल्याने खाणे-पिणे आणि तपासण्या यांची हेळसांड होते, आणि अपुऱ्या दिवसांचे बाळंतपण व बाळाचे कमी वजन यांच्याशीही उपचार न झालेल्या नैराश्याचा संबंध आढळला आहे.

आता उपचार. सौम्य ते मध्यम नैराश्यात पहिली निवड बहुधा बोलण्यावर आधारलेल्या उपचारांची असते, गोळ्यांची नव्हे. बोधात्मक वर्तन उपचारपद्धतीत मनात आपोआप उमटणारे निराशेचे विचार ओळखून ते तपासायला शिकवतात आणि सुटलेल्या छोट्या-छोट्या गोष्टी ठरवून पुन्हा सुरू करवतात. आंतरव्यक्तिक उपचारपद्धतीत नात्यांतील ताण आणि आई होताना बदलणारी भूमिका यांवर काम होते. हे नुसते धीर देणे नाही. पाकिस्तानातील ग्रामीण भागात अतीफ रहमान आणि त्यांच्या सहकाऱ्यांनी सामान्य आरोग्यसेविकांना बोधात्मक वर्तन पद्धतीचे प्रशिक्षण देऊन नैराश्यग्रस्त गरोदर स्त्रियांच्या घरी पाठवले. २००८ साली प्रसिद्ध झालेल्या या अभ्यासात, बाळंतपणानंतर सहा महिन्यांनी उपचार मिळालेल्या स्त्रियांपैकी २३ टक्के नैराश्यात होत्या, तर नुसत्याच भेटी मिळालेल्या स्त्रियांत हे प्रमाण ५३ टक्के होते. म्हणून जवळ मोठे तज्ज्ञ नाहीत एवढ्यावरून हा मार्ग बंद झाला असे समजू नका.

लक्षणे तीव्र असतील, पूर्वी गोळ्यांनीच बरे वाटले असेल, किंवा बोलण्याच्या उपचारांनी पुरेसा फरक पडत नसेल, तर गोळ्यांचा विचार होतो. तुमची धास्ती मला समजते. मात्र तुलना ‘धोका असलेली गोळी’ आणि ‘धोका नसलेले गरोदरपण’ यांच्यात करू नये, कारण आजार चालू असताना गोळी टाळली तर आजाराचा धोका शिल्लकच राहतो. या दोन धोक्यांत तुमच्या बाबतीत कोणता मोठा, हे तीव्रता आणि पूर्वइतिहास पाहून ठरते. नैराश्याच्या गोळ्यांच्या एका नेहमीच्या गटातील (एसएसआरआय) सेर्ट्रालिनसारख्या औषधांचा गरोदरपणातील अनुभव दीर्घ आहे आणि त्याने मोठ्या जन्मजात व्यंगांचा धोका ठळकपणे वाढल्याचे दिसलेले नाही. त्याच गटातील पॅरोक्सेटिनबाबत काही अभ्यासांत पहिल्या तिमाहीत हृदयाच्या व्यंगांचे प्रमाण किंचित वाढलेले दिसल्याने ते गरोदरपणात सहसा नव्याने सुरू करत नाहीत. अखेरच्या महिन्यांपर्यंत या गटातील औषधे घेतलेल्या मातांच्या सुमारे तीनपैकी एका बाळाला जन्मानंतर थरथर, चिडचीड किंवा दूध ओढण्यात अडचण असा त्रास होऊ शकतो. तो बहुधा सौम्य असतो आणि काही दिवसांत ओसरतो. बाळाच्या फुप्फुसांतील रक्तदाब वाढण्याचा एक गंभीर पण विरळ धोका आहे: अमेरिकेतील एका मोठ्या अभ्यासात तो औषध न घेणाऱ्यांत दर हजारी सुमारे दोन आणि घेणाऱ्यांत सुमारे तीन आढळला.

हे वाचणाऱ्या ज्या स्त्रिया आधीपासून गोळ्या घेत आहेत, त्यांनी चाचणीत गर्भधारणा दिसताच त्या स्वतःहून बंद करू नयेत. २००६ सालच्या एका अमेरिकी अभ्यासात, वारंवार नैराश्य आलेल्या गरोदर स्त्रियांपैकी गोळ्या बंद केलेल्यांत ६८ टक्के पुन्हा आजारी पडल्या, तर चालू ठेवलेल्यांत २६ टक्के. याला व्हाल्प्रोएट हे द्विध्रुवी आजारात आणि फिट येण्याच्या आजारात दिले जाणारे औषध हा महत्त्वाचा अपवाद आहे. ते बाळासाठी निश्चितपणे घातक असल्याने ते चालू असेल तर बदलासाठी त्वरित डॉक्टरांना गाठावे. गरोदरपणाच्या उत्तरार्धात शरीरातील रक्त व पाणी वाढल्यामुळे नैराश्याच्या औषधाची रक्तातील पातळी घटू शकते आणि मात्रा वाढवावी लागते. तो आजार हाताबाहेर गेल्याचा संकेत समजू नये. अतितीव्र आजारात, खाणे-पिणे सुटले असेल किंवा जिवाला धोका असेल तर, विद्युत उपचारही (भूल देऊन मेंदूला अल्पकाळ सौम्य विद्युतप्रवाह देण्याचे उपचार, ईसीटी) गरोदरपणात योग्य देखरेखीखाली देता येतात.

मरणाचे विचार येत असतील, स्वतःला इजा करावीशी वाटत असेल, किंवा इतरांना ऐकू न येणारे आवाज ऐकू येत असतील, तर भेटीच्या तारखेची वाट न पाहता त्याच दिवशी जवळच्या रुग्णालयाच्या आपत्कालीन विभागात जा आणि विश्वासातील एका माणसाला सोबत घ्या.

पहिल्या भेटीला जाताना तो भरलेला कागद, चालू असलेल्या सर्व औषधांची नावे, आणि आई किंवा बहिणीला बाळंतपणाच्या काळात असा त्रास झाला होता का याची माहिती न्या. गोळी सुरू झाली तर प्रसूतितज्ज्ञ आणि बाळाचे डॉक्टर या दोघांनाही ते आधीच कळवा. सेर्ट्रालिन दुधातून फार थोडे जात असल्याने त्यासाठी स्तनपान सोडावे लागत नाही. बरे वाटू लागले तरी हीच प्रश्नावली गरोदरपणाच्या अखेरीस आणि बाळंतपणानंतरच्या तपासणीत पुन्हा भरून घ्यायला सांगा, आणि बाळंतपणानंतरच्या पहिल्या आठवड्यांत रात्री बाळाला कोण पाहणार, म्हणजे तुम्हाला सलग काही तास झोप मिळेल, हे घरच्यांशी बोलून आताच ठरवून ठेवा.